पिनमधून किती प्रवाह घ्यावा?

शालेय विज्ञान प्रदर्शनांत मांडलेल्या उपकरणांच्या पोटात अलीकडे हमखास एक निळसर बोर्ड आढळतो. आकाराने पत्त्याच्या पानाहून लहान, दोन्ही कडांना काळ्या खाचांच्या ओळी आणि एका टोकाला संगणकाची तार जोडण्याचे तोंड. हा मायक्रोकंट्रोलर बोर्ड. यांपैकी सर्वांत परिचित जो आर्डुइनो, त्याचा जन्म २००५ साली इटलीतील इव्रिया या गावी झाला. तेथील आरेखनाच्या, म्हणजे डिझाइनच्या विद्यार्थ्यांना इलेक्ट्रॉनिक्स न शिकताही दिवे, मोटारी, संवेदक हाताळता यावेत, हा त्यामागचा हेतू होता. आपल्याकडील शाळांत आज सर्रास वापरला जाणारा ‘उनो’ हा नमुना २०१० साली आला. २०१६ पासून अटल टिंकरिंग लॅब सुरू होऊ लागल्या आणि सहावी-सातवीतील मुलांच्या हातीही हे बोर्ड आले.

इलेक्ट्रॉनिक्स न शिकता काम व्हावे, ही या बोर्डाची खरी थोरवी. आमच्या मते त्याची एक गैरसोयही तीच आहे. तारा खोचता येतात, प्रोग्राम लिहिता येतो आणि ओहमचा नियम आठवण्याची वेळच येत नाही. पण प्रवाह ओहमचा नियम विसरत नाही. नववीच्या ‘धाराविद्युत’ आणि दहावीच्या ‘विद्युतधारेचे परिणाम’ या पाठांत जे सांगितले आहे, त्याहून फारसे अधिक काही या लेखासाठी लागणार नाही. ते या छोट्या बोर्डाला लावून पाहायचे, एवढेच.

उदाहरण कोल्हापूरचेच घेऊ. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैमध्ये पंचगंगेने राजाराम बंधाऱ्यापाशी ५५ फुटांच्या पुढे पातळी गाठली. या बंधाऱ्यावर ३९ फूट ही इशारा पातळी आणि ४३ फूट ही धोका पातळी, हे आकडे आता येथील लहान मुलांनाही पाठ असतात. त्यामुळे पूर-इशारा यंत्राची प्रतिकृती हा येथील प्रदर्शनांतील आवडता विषय झाला आहे. राजारामपुरीतील एका शाळेच्या मुलांनी केलेली अशी प्रतिकृती आम्हाला जवळून पाहता आली. प्लॅस्टिकच्या टाकीत पाणी, वर ध्वनिलहरी सोडून अंतर मोजणारा संवेदक आणि शेजारी पट्टीवर खालून वर लावलेले १२ तांबडे एलईडी दिवे. पहिला दिवा ३४ फुटांचा, शेवटचा ४५ फुटांचा. पाणी चढेल तसतसे दिवे एकावर एक लागत जायचे. ३९ ला बझर वाजू लागे आणि ४३ ला रिले चालू होऊन त्यावर जोडलेला मोठा भोंगा वाजावा अशी योजना होती. भोंग्याची बॅटरी वेगळी होती. बाकी सर्व बोर्डाला जोडलेल्या ९ व्होल्टच्या चौकोनी बॅटरीवर चाले.

मांडणी सुबक होती, पण एक खोड होती. ४२ फुटांपर्यंत सारे सुरळीत. ४३ वा दिवा लागायची वेळ आली की रिले ‘टक्’ करी, सगळे दिवे विझत, क्षणभराने पुन्हा लागत, पुन्हा विझत. भोंगा वाजायच्या ऐवजी उचक्या देई. मुलांनी काढलेला निष्कर्ष अगदी स्वाभाविक होता: ४३ फुटांच्या अटीत प्रोग्राम चुकला आहे. चार दिवस त्यांनी ती अट निरनिराळ्या प्रकारे लिहून पाहिली. प्रोग्राममध्ये काहीही चूक नव्हती.

नदी शांत असताना नीट चालणारे आणि पूर आला की बंद पडणारे पूर-इशारा यंत्र, असा हा प्रकार. प्रतिकृतीत त्याने कोणाचे काही बिघडत नाही. परंतु असे का होते याचे उत्तर ‘प्रोग्राममध्ये काहीतरी असेल’ एवढ्यावर सोडले, तर मूल चुकीच्या जागी शोधायला शिकते. आम्हाला ते नुकसान बोर्ड जळण्यापेक्षा मोठे वाटते.

पिनच्या आत काय असते?

उनोवरील मुख्य चिपचे नाव एटीमेगा ३२८पी. तिच्या प्रत्येक पिनच्या आत दोन अतिसूक्ष्म ट्रान्झिस्टर असतात. एक पिनला ५ व्होल्टशी जोडतो, दुसरा शून्याशी. प्रोग्रामने ‘हाय’ म्हटले की पहिला चालू होतो, ‘लो’ म्हटले की दुसरा. हे दोन्ही ट्रान्झिस्टर म्हणजे आदर्श कळ नव्हे. चालू स्थितीतही त्यांना थोडा रोध असतो. ढोबळमानाने तो २५ ओहम धरावा.

हा रोध डोळ्यांनी दिसत नसला तरी मल्टिमीटरने सहज पकडता येतो. नववी-दहावीच्या वर्गात करण्याजोगा हा एक चांगला प्रयोग आहे. एक पिन ‘हाय’ ठेवावी आणि पिन व जमीन, म्हणजे बोर्डावरील ‘ग्राउंड’, यांच्यामध्ये आळीपाळीने १०००, ४७० आणि २२० ओहमचे रोध लावावेत. प्रत्येक वेळी पिनवरील विभवांतर मोजावे. बोर्डाचा पुरवठा नेमका ५ व्होल्ट असेल, तर २५ ओहमच्या हिशेबाने अनुक्रमे ४.८८, ४.७५ आणि ४.४९ व्होल्ट यायला हवेत. प्रत्यक्षात पुरवठा थोडा कमी-अधिक असतो, म्हणून आधी तोही मोजून घ्यावा. २२० ओहमला प्रवाह साधारण २० मिलिअँपिअर होतो आणि अर्धा व्होल्ट पिनच्या आतच खर्च होतो. अर्ध्या व्होल्टला ०.०२ अँपिअरने भागले की २५ ओहम मिळतात. चिपच्या आतील, कधीही न दिसणाऱ्या ट्रान्झिस्टरचा रोध आपण बाहेरून मोजला, याचे मुलांना अप्रूप वाटते असा आमचा अनुभव आहे.

आता उष्णतेकडे पाहू. प्रवाहाच्या वर्गाला रोधाने गुणले की शक्ती मिळते. २० मिलिअँपिअर प्रवाहाला पिनच्या आत ०.०१ वॅट उष्णता निर्माण होते. ती सहज बाहेर पडते. आता पिन थेट जमिनीला टेकली तर काय होईल? ५ भागिले २५, म्हणजे २०० मिलिअँपिअर. प्रवाह दहापट झाला, उष्णता शंभरपट झाली: एक वॅट, तीही केसाच्या जाडीहून लहान अशा जागेत. हा प्रयोग अर्थातच कागदावर करावा.

उत्पादकाच्या माहितीपत्रकात या चिपच्या एका पिनसाठी ४० मिलिअँपिअर हा आकडा दिलेला आहे आणि बहुतेक गोंधळ या आकड्यानेच होतो. ती ‘निरपेक्ष कमाल मर्यादा’ आहे. याचा अर्थ, याच्या पुढे गेल्यास चिपला कायमची इजा होऊ शकते. चाळीसवर चिप नीट चालेल असे वचन त्यात कोठेही नाही. ज्या प्रवाहाला पिनवरील विभवांतर किती राहील हे उत्पादक लिहून देतो, तो प्रवाह २० मिलिअँपिअर आहे. ५ व्होल्टच्या पुरवठ्यावर २० मिलिअँपिअर घेतल्यास पिनवर किमान सुमारे ४.२ व्होल्ट राहतील, अशी ती हमी आहे. तेव्हा आपण वापरायचा आकडा २०, आणि शक्य तर त्याहूनही कमी.

शिवाय इजा नेहमी धूर काढून होते असे नाही. पुष्कळदा एखादीच पिन कायमची ‘लो’ राहते, बाकीचा बोर्ड ठणठणीत असतो. पुढच्या वर्षीच्या मुलांच्या हाती तो बोर्ड येतो आणि सातव्या पिनवरचा दिवा का लागत नाही म्हणून ती बिचारी प्रोग्राम तपासत बसतात.

बारा दिव्यांची बेरीज

एका दिव्यापासून सुरुवात करू. तांबड्या एलईडीवर सुमारे २ व्होल्ट खर्च होतात. उरलेले ३ व्होल्ट २२० ओहमचा रोध आणि पिनच्या आतील २५ ओहम यांच्यावर पडतात. ३ भागिले २४५, म्हणजे सुमारे १२ मिलिअँपिअर. एका पिनच्या दृष्टीने अगदी सुरक्षित. मुलांनी एवढा हिशेब केला होता आणि तो बरोबरही होता. मात्र हिशेब येथेच थांबत नाही.

सर्व पिनांचा प्रवाह येतो कोठून? चिपला ५ व्होल्ट पुरवणाऱ्या पायांतून. या पायांतून जाणाऱ्या एकूण प्रवाहाची निरपेक्ष कमाल मर्यादा २०० मिलिअँपिअर आहे. उनोवर २० पिना वापरता येतात. प्रत्येक पिनने २० घेतले तर बेरीज ४०० होते, म्हणजे प्रत्येक पिन आपल्या मर्यादेत राहूनही चिप मर्यादेच्या दुप्पट पुढे जाते. (पिनांच्या गटांनाही वेगळ्या मर्यादा आहेत. जेथे एकूण बेरीज शंभरच्या आत ठेवली आहे, तेथे त्यांची काळजी करावी लागत नाही.)

घरातील वीजजोडणीत असेच असते. दिव्याच्या बटणाची एक मर्यादा, खोलीच्या एमसीबीची दुसरी, मीटरजवळच्या मुख्य कळीची तिसरी. प्रत्येक खोली आपल्या मर्यादेत असली तरी सगळ्या खोल्यांतील गिझर एकदम लावले की मुख्य कळ पडते. फरक इतकाच की चिपमध्ये फ्यूज बसवलेला नसतो. वेळ आली तर चिपच फ्यूजचे काम करते, आणि ते एकदाच.

आता पूर-इशारा यंत्राचा हिशेब मांडू. ३८ फुटांवर पाच दिवे, ६० मिलिअँपिअर. ३९ ला सहा दिवे ७२ आणि बझर ३० धरला तर १०२. ४२ ला नऊ दिवे १०८ आणि बझर ३०, एकूण १३८. आणि ४३ ला? दिव्यांचे १२०, बझरचे ३० आणि भर पडते ती रिलेची.

रिले मुलांनी सरळ पिनवरच लावला होता. ५ व्होल्टच्या लहान रिलेच्या वेटोळ्याचा रोध सुमारे ७० ओहम असतो. म्हणजे त्याला ७१ मिलिअँपिअर हवेत. पिन काय देते? ७० आणि २५ मिळून ९५ ओहम, म्हणून प्रवाह सुमारे ५२ मिलिअँपिअर. पिनच्या चाळीसच्या मर्यादेच्या पलीकडे, तरी रिलेला अपुरा. वेटोळ्यावर पडणारे विभवांतर ३.७ व्होल्टच्या आसपास राहते आणि असा रिले खात्रीने ओढला जाण्यासाठी ५ व्होल्टच्या ७५ टक्के, म्हणजे ३.७५ व्होल्ट लागतात. नेमके काठावर! त्यामुळे एखादा रिले पिनवरून चालतो, त्याच पिशवीतला दुसरा चालत नाही. ‘आमचा तर चालतो’ हे विधान अशा वेळी खरेही असते आणि निरुपयोगीही.

तर ४३ फुटांवर १२० अधिक ३० अधिक ५२, म्हणजे २०२. चिपचा स्वतःचा दहा-एक मिलिअँपिअरचा खर्च धरला तर २१२. एका फुटात ६४ मिलिअँपिअरची उडी, आणि तीही मर्यादेच्या पलीकडे.

उचक्या का येत होत्या?

मर्यादा ओलांडली म्हणून चिप लगेच बंद पडते असे नाही. उचक्यांचे कारण आणखी मागे, बॅटरीत होते. ९ व्होल्टची चौकोनी बॅटरी म्हणजे दीड व्होल्टचे सहा छोटे घट एका ओळीत. रेडिओ किंवा मल्टिमीटरसारख्या थोडा प्रवाह घेणाऱ्या उपकरणांसाठी ती बनवलेली असते. स्वस्त झिंक-कार्बन प्रकारात, विशेषतः थोडी वापरलेली असेल तर, तिचा अंतर्गत रोध दहा-वीस ओहमच्या घरात असू शकतो. आपण १५ धरू.

बोर्डाचा स्वतःचा खर्च ५० आणि संवेदकाचा १५ मिळवल्यास ४२ फुटांवर बॅटरीतून सुमारे २०० मिलिअँपिअर जात होते. बॅटरीच्या आत तूट ३ व्होल्ट, बाहेर उरले ६. बोर्डावरील डायोड आणि ५ व्होल्ट देणारा रेग्युलेटर यांना मिळून आणखी सुमारे १.८ व्होल्ट लागतात. चिपपर्यंत पोचले ४.२. काम भागत होते. ४३ ला प्रवाह झाला सुमारे २७० मिलिअँपिअर, तूट ४ व्होल्ट, चिपपर्यंत पोचले ३.२ व्होल्ट. (विभवांतर उतरले की प्रवाहही थोडा उतरतो, म्हणून हा अंदाज समजावा.)

येथे एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट आहे. उनोवरील चिप १६ मेगाहर्ट्झ वेगाने चालते. या वेगाला तिला किमान ३.८ व्होल्टच्या आसपास पुरवठा लागतो. पुरवठा घसरला तर चिप स्वतःला थांबवून नव्याने सुरुवात करते. पण उनोवर ही व्यवस्था २.७ व्होल्टला लागू होईल अशी ठेवलेली आहे. म्हणजे ३.८ ते २.७ हा टापू असा की चिप थांबलेलीही नसते आणि तिच्यावर विसंबताही येत नाही. या टापूत दिवा भलताच लागेल, अंतर भलतेच मोजले जाईल. कोणी म्हणेल प्रोग्राम वेडा झाला. आणि रिले ओढला जाताना विभवांतर आणखी घसरून २.७ च्या खाली गेले की चिप पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. सुरू होताना सर्व पिना बंद, म्हणून प्रवाह कमी, म्हणून बॅटरी सावरते. प्रोग्राम पाणी मोजतो, ४३ फूट दिसतात, तो सारे दिवे आणि रिले लावतो, बॅटरी पुन्हा कोसळते. झाली उचकी.

हे ओळखायची एक सोपी युक्ती आहे. प्रोग्रामच्या अगदी सुरुवातीला, जो भाग एकदाच चालतो त्यात, १३ व्या पिनवरील बोर्डाचाच दिवा तीनदा लुकलुकवावा. मध्येच केव्हातरी तो पुन्हा तीनदा लुकलुकला तर चिप नव्याने सुरू झाली आहे, हे उघड झाले. मग प्रोग्राम बाजूला ठेवावा आणि मल्टिमीटर हाती घ्यावा. प्रतिकृतीत १३ वी पिन दिवेच व्यापून होते, पण तेच तीनदा लुकलुकवून काम भागले.

स्टार्टरचे हिरवे बटण

रिले पिनवर लावू नये, मग लावावा कसा? याचे उत्तर करवीर-कागलकडील शेतकऱ्यांच्या मुलांना खरे तर ठाऊक असते, फक्त ते त्यांच्या लक्षात आणून द्यावे लागते. नदीकाठच्या पाच अश्वशक्तीच्या थ्री-फेज मोटारीला चालताना सुमारे ७ अँपिअर लागतात आणि सुरू होताना त्याच्या पाच-सहापट. पण शेतकरी स्टार्टरचे हिरवे बटण बोटाने अलगद दाबतो. मोटारीचा प्रवाह त्या बटणातून जातच नाही. बटणातून जातो तो स्टार्टरमधील वेटोळ्याचा किरकोळ प्रवाह. वेटोळ्याचे चुंबक होते, ते जाड संपर्कपट्ट्या ओढते आणि मोटारीचा प्रवाह त्या पट्ट्यांतून जातो. राजारामपुरीला लागूनच असलेल्या शिवाजी उद्यमनगरात एखादा उघडलेला स्टार्टर मुलांना दाखवणे अवघड नाही. तो एकदा पाहिला की पुढचे समजावण्याचे निम्मे श्रम वाचतात.

मायक्रोकंट्रोलरची पिन हे हिरवे बटण आहे. रिलेसाठी मधला दुवा म्हणून बीसी ५४७ सारखा पाच रुपयांच्या आतबाहेरचा ट्रान्झिस्टर पुरतो. पिन आणि त्याचा बेस यांच्यामध्ये १००० ओहमचा रोध घालावा. बेसवर ०.७ व्होल्ट खर्च होतात, म्हणून पिनमधून जातात अवघे ४.३ मिलिअँपिअर. त्यावर ट्रान्झिस्टर रिलेचे ७१ मिलिअँपिअर सहज सांभाळतो. बीसी ५४७ ची स्वतःची मर्यादा १०० आहे, हे मात्र विसरू नये. एका ट्रान्झिस्टरवर दोन रिले लावायचे नाहीत. अनेक रिले असतील तर यूएलएन २००३ ही सात मार्गांची तयार चिप अधिक सोयीची.

वेटोळ्याला उलटा डायोड, उदाहरणार्थ १एन४००७, समांतर जोडायलाच हवा. वेटोळ्यातील प्रवाह एकाएकी तोडला की त्यातील चुंबकीय क्षेत्र कोसळते आणि उलट दिशेने पुरवठ्याच्या कितीतरी पट विभवांतर क्षणभर निर्माण होते. डायोड त्या प्रवाहाला फिरायला वाट देतो. तो नसेल तर वाट ट्रान्झिस्टरमधून काढली जाते. बाजारातील तयार रिले-पट्टीवर ट्रान्झिस्टर आणि डायोड आधीच बसवलेले असतात. ती पिनवर लावायला हरकत नाही. मात्र पट्टीवर चार रिले असतील तर त्यांचे २८० मिलिअँपिअर कोठून तरी यायचेच आहेत, हे बेरजेत धरावे.

याच रिलेवर ‘१० अँपिअर, २५० व्होल्ट’ असे छापलेले असते. तो आकडा संपर्कपट्ट्यांचा आहे, वेटोळ्याचा नाही. तो वाचून उत्साही मुले घरातील २३० व्होल्टचा दिवा जोडायला निघतात. शाळेत हे करू देऊ नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. उघड्या टाकाखाली २३० व्होल्ट आणि शेजारी पाण्याची टाकी, ही जोडी प्रदर्शनाच्या टेबलावर नको. १२ व्होल्टचा दिवा किंवा भोंगा तत्त्व दाखवायला पुरेसा असतो.

मोटारीबाबत दोन शब्द. खेळण्यातील मोटार ‘फक्त दोनशे मिलिअँपिअर घेते’ असे जे सांगतात, ते ती फिरत असतानाचे. फिरणारी मोटार जनित्रासारखी वागून उलट विभवांतर निर्माण करते, म्हणून प्रवाह आटोक्यात राहतो. थांबलेल्या मोटारीत तो विरोध नसतो. राहतो फक्त तारेचा रोध. तो ५ ओहम असेल तर ५ व्होल्टला सुरुवातीचा प्रवाह एक अँपिअर. दरवाजा अडकला, चाक अडले की हाच प्रवाह सतत वाहतो. लहान सर्व्हो मोटारीही अडकल्यावर अर्ध्या अँपिअरच्या पुढे जातात. म्हणून मोटारीला वेगळा पुरवठा द्यावा आणि दोन्ही पुरवठ्यांची जमीन मात्र एकमेकींना जोडावी. जमीन जोडायची राहिली की पिनचा इशारा ट्रान्झिस्टरपर्यंत पोचतच नाही.

उष्णतेचा दुसरा हिशेब

‘बॅटरी पुरत नाही, तर १२ व्होल्टचा अडॅप्टर लावू’ हा पुढचा विचार. यातही एक मेख आहे. बोर्डावरील रेग्युलेटर जास्तीचे विभवांतर उष्णतेत घालवून ५ व्होल्ट देतो. डायोडचे ०.७ सोडले तर १२ पैकी ६.३ व्होल्ट त्याला एकट्याला पचवावे लागतात. प्रतिकृतीचे सगळे दिवे लागल्यावर प्रवाह होता सुमारे २९० मिलिअँपिअर. गुणाकार १.८ वॅट. नखाएवढ्या त्या काळ्या तुकड्याचे तापमान दर वॅटमागे ६० अंशांनी वाढते असे धरले, तर ही वाढ ११० अंश. एप्रिलमधील ३५ अंशांच्या खोलीत ते १४५ वर जाईल आणि अशा रेग्युलेटरची कमाल मर्यादा १५० अंश असते. त्यात तापल्यावर प्रवाह तोडण्याची सोय असते, म्हणून तो सहसा जळत नाही. पण मग बोर्ड दहा मिनिटे चालतो, थांबतो, निवला की पुन्हा चालतो. परीक्षक समोर आले की बंद पडणारी बरीच उपकरणे या जातीची असतात. ७.५ व्होल्टचा अडॅप्टर घेतला तर तेच काम अर्ध्या वॅटच्या आसपास होते.

सर्वांत सोपे म्हणजे मोबाइलचा चांगला ५ व्होल्टचा चार्जर यूएसबीच्या तोंडातून लावणे. या वाटेत रेग्युलेटर येत नाही. उनोवर या वाटेत ५०० मिलिअँपिअरचा, आपोआप पूर्ववत होणारा फ्यूज असतो, म्हणून संगणकाच्या तोंडालाही संरक्षण मिळते. पॉवर बँक वापरल्यास एक गंमत होते. बोर्ड फारच कमी प्रवाह घेत असेल तर काही पॉवर बँकांना वाटते की मोबाइल भरून झाला आणि त्या बंद होतात. येथे तक्रार कमी प्रवाहाची!

मुलांनी शेवटी प्रतिकृतीत तीन बदल केले. दिव्यांचे २२० ओहमचे रोध काढून १००० ओहमचे लावले. आजचे एलईडी ३ मिलिअँपिअरलाही वर्गाच्या मागच्या बाकावरून दिसतात. रिले आणि बझर ट्रान्झिस्टरवर घेतले, आणि बॅटरीऐवजी मोबाइलचा चार्जर आला. चिपवरील भार ४५ फुटांवर २२६ होता, तो १२ दिव्यांचे ३६ आणि दोन बेसचे ९ मिळून ४५ मिलिअँपिअर झाला. प्रोग्रामचे एक अक्षरही बदलावे लागले नाही.

बोर्ड बदलला की आकडे बदलतात

वरील आकडे एटीमेगा ३२८पी चिपचे आहेत आणि ते सरसकट कोठेही लावून चालणार नाही. ३.३ व्होल्टवर चालणारे, वाय-फाय असलेले बोर्ड आता स्वस्त झाले आहेत. त्यांतील ईएसपी ८२६६ या चिपची एका पिनची मर्यादा १२ मिलिअँपिअर आहे, आणि वाय-फायवर संदेश पाठवताना ती स्वतःच क्षणभर दीडशेहून अधिक मिलिअँपिअर ओढते. रास्पबेरी पाय पिकोच्या आरपी २०४० या चिपवर तर सर्व पिनांची मिळून बेरीज ५० मिलिअँपिअरच्या आत ठेवावी लागते. आपल्या जुन्या प्रतिकृतीतील पाच दिव्यांची ६० मिलिअँपिअरची बेरीजही या मर्यादेत बसणारी नाही.

सर्वांत फसवा प्रकार उनोच्याच घरातला आहे. २०२३ साली आलेला ‘उनो आर-४’ दिसायला जुन्या उनोसारखा, खाचा त्याच जागी, पुरवठाही ५ व्होल्टचाच. जुन्या पुस्तकातील आकृती पाहून तारा खोचल्या तर सगळे बरोबर बसते. पण त्यावरील चिप निराळी आहे आणि तिच्या एका पिनमधून ८ मिलिअँपिअरच घेता येतात. पुस्तकातील त्या आकृतीत तांबड्या एलईडीला बहुधा २२० ओहमचाच रोध दाखवलेला असतो, म्हणजे पहिलाच दिवा १२ च्या आसपास जातो. शाळेत असे बोर्ड आले असतील तर दिव्यांच्या डब्यातून २२० ओहमचे रोध काढून तेथे १००० ओहमचे, तपकिरी-काळा-तांबडा पट्ट्यांचे, भरून ठेवावेत.